हमीद दलवाईंच्या गोष्टी कोण वाचणार?

हमीद दलवाई हे नाव आपल्याकडे दोनच वेळा निघतं. टीव्हीवर तलाकची चर्चा पेटली की, नाहीतर घरातल्या एखाद्या पोरानं जमातीबद्दल वेडंवाकडं काही बोललं आणि त्याला ‘फार दलवाई झालास’ म्हणून गप्प करायचं असलं की. नाव घेणाऱ्यानं बहुतेक वेळा त्यांची एकही गोष्ट वाचलेली नसते. गंमत अशी, की दलवाईंचे गोडवे गाणाऱ्यांचीही स्थिती फारशी वेगळी नाही. त्यांना मोर्चा माहीत असतो, मंडळ माहीत असतं, मृत्युपत्र माहीत असतं. पण या माणसानं कोकणातल्या मुसलमान गावाची गोष्ट मराठीत आतून सांगितली आणि ती सांगताना जमीन, मजुरी, उधारी, शेजार यांतलं काही लपवलं नाही, हे फार थोड्यांना ठाऊक असतं.

मला इथं त्या कथाकाराबद्दल लिहायचं आहे. त्यांच्या राजकीय लेखनातलं सगळं मला पटतं असं नाही. काही ठिकाणी ते आपल्याच माणसांवर घाईनं निकाल देतात असं मला वाटतं, आणि त्यावर वाद घालायला मी कधीही तयार आहे. पण त्या वादापायी त्यांच्या गोष्टी अडगळीत टाकल्या, तर तोटा दलवाईंचा होणार नाही. ते 3 मे 1977 ला गेले, वयाच्या चव्वेचाळिसाव्या वर्षी. तोटा आपला होईल.

आधी तारखांचा क्रम बघा. जन्म 29 सप्टेंबर 1932, चिपळूणजवळच्या मिरजोळीत. ‘लाट’ हा कथासंग्रह आला 1961 मध्ये. ‘इंधन’ ही कादंबरी 1965 मध्ये. तोंडी तलाकच्या विरोधात सात बायकांना घेऊन त्यांनी मुंबईत विधिमंडळावर मोर्चा नेला तो 18 एप्रिल 1966 ला. मुस्लिम सत्यशोधक मंडळ पुण्यात स्थापन झालं 22 मार्च 1970 ला. म्हणजे ज्या दलवाईंना आपण ओळखतो, ते त्यांच्या कथा-कादंबरीनंतरचे. आधीचा माणूस राष्ट्र सेवा दलात वाढलेला, पुढं ‘मराठा’ दैनिकात बातमीदारी करणारा, आणि मनानं गोष्टीवेल्हाळ. मोर्च्यानंतर त्यांच्या हातून कथा जवळजवळ सुटलीच. कार्यकर्त्यानं लेखकाला खाल्लं, असं म्हणायचा मोह होतो. मला ते अर्धंच खरं वाटतं. ज्या प्रश्नांनी त्यांना रस्त्यावर आणलं ते प्रश्न आधी त्यांनी गावातच पाहिले होते, आणि लिहून झाल्यावरच ते बाहेर पडले.

आता मराठी ग्रामीण कथेत तोवर मुसलमान कुठं होता ते पाहू. नव्हताच असं नाही. व्यंकटेश माडगूळकरांच्या ‘माणदेशी माणसं’मध्ये (1949) ‘मुलाण्याचा बकस’ आहे. ‘बनगरवाडी’त (1955) मास्तरांच्या सोबतीला आयबू आहे. ही माणसं मला मनापासून आवडतात. माडगूळकरांनी त्यांना ना खलनायक केलं, ना भाईचाऱ्याचं पोस्टर. ती इतर माणदेशी माणसांइतकीच गरीब, तितकीच विक्षिप्त आणि तितकीच जिवंत आहेत. पण बकस काय किंवा आयबू काय, गावाच्या कडेला राहणारे. एक घर, फार तर दोन घरं. देशावरच्या बहुतेक गावांत मुसलमान असाच होता: मुलाणी, आतार, तांबोळी, पिंजारी, मणियार, शिकलगार. गावगाड्यात त्याला त्याच्या कामापुरती जागा. कोंबडं हलाल करायला मुलाणी लागतो, गादी भरायला पिंजारी. तो स्वतःच्या घरात काय बोलतो, आपल्या माणसांशी कशावरून भांडतो, हे दुसऱ्याच्या ओट्यावर बसून दिसत नाही. माडगूळकरांनी ते दिसल्याचा आवही आणला नाही, हा त्यांचा प्रामाणिकपणा.

कोकणाचं चित्र निराळं आहे. इथं मुसलमान एक-दोन घरांचा नाही. वाशिष्ठीच्या काठी, दाभोळ-बाणकोटच्या खाड्यांवर आणि पुढं खाली रत्नागिरीपर्यंत मुसलमानांचे अख्खे मोहल्ले आहेत, काही ठिकाणी तर गावंच्या गावं. त्यांची आडनावं पाहा: खोत, मुकादम, नाईक, पटेल, काझी, परकार, आणि हो, दलवाई. यातली बरीच आडनावं हुद्द्यांची आहेत, म्हणजे कुठल्यातरी काळी वतन असल्याची. पण आडनाव खोत असलं म्हणून घरात भात असेलच असं नव्हतं. खाडीत जाळं टाकणारे दालदी होते, गलबतावर आणि पुढं इंग्रजांच्या बोटींवर गेलेले खलाशी, तांडेल, सारंग होते, दुसऱ्याच्या शेतात राबणारेही होते. मुंबईला गेलेल्याची मनीऑर्डर आली की चूल पेटायची. गावाच्या जमातीनं मुंबईत घेतलेल्या एकेका खोलीत पंधरा-वीस माणसं पाळीपाळीनं झोपायची.

हे सगळं मराठी कथेत कुणी लिहिलं? श्री. ना. पेंडशांनी दापोलीकडचं कोकण ‘हद्दपार’ (1950) आणि ‘गारंबीचा बापू’ (1952) यांतून मोठ्या ताकदीनं उभं केलं. पण ते त्यांच्या बाजूचं कोकण. त्याच डोंगराच्या पलीकडच्या उतारावरच्या मोहल्ल्यात, मशिदीच्या हौदावर, परड्यात सुकट वाळत घालणाऱ्या बायांमध्ये काय चाललंय ते लिहायला आतला माणूस हवा होता. तो दलवाईंच्या रूपानं आला.

‘इंधन’चा सांगाडा साधा आहे. निवेदक मुंबईत राहणारा, हृदयाच्या दुखण्यानं खचलेला तरुण. विश्रांतीसाठी तो बऱ्याच वर्षांनी गावी येतो. कोकणातलं गाव. त्यात मुसलमान आहेत, कुळवाडी आहेत, ब्राह्मण आहेत, नुकतेच बौद्ध झालेले महारही आहेत. तो आपल्या घरात आणि आपल्या गावात पाहुण्यासारखा वावरतो. वडील, भाऊ, घरातल्या बाया, त्यांच्या दबलेल्या इच्छा आणि उघड्या पडलेल्या भानगडी असं एकेक आपल्यासमोर येत जातं. हळूहळू कळतं, की गावात प्रत्येकाचं दुसऱ्याशी काहीतरी बाकी आहे. कुणाची जमीन, कुणाची बाई, कुणाचा मान. मग एका ठिणगीनं साचलेलं सगळं पेटतं. नाव ‘इंधन’ का, ते शेवटाकडे आपोआप कळतं. दलवाई ते समजावून सांगत बसत नाहीत.

दंग्यावरच्या गोष्टी मराठीत आणि उर्दूतही पुष्कळ आहेत. फाळणीच्या कथांनी तर एक अख्खी पिढी लिहिती केली. पण त्यातल्या कित्येक गोष्टींत दंगा आभाळातून पडतो. काल सगळे भाऊ होते, आज अचानक जनावरं झाले. ‘इंधन’मध्ये दंग्याला कारणं आहेत, आणि ती सातबाऱ्यावर सापडावीत अशी आहेत. माझं वाचन असं, की त्या कादंबरीच्या पोटात खोतीचा इतिहास आहे. तो माहीत नसेल तर भांडण फक्त धर्माचं दिसतं.

म्हणून थोडं थांबून तो इतिहास सांगतो. कोकणात खोत म्हणजे सरकार आणि कूळ यांच्यामधला माणूस. सरकारला सारा तो भरायचा आणि कुळाकडून आपला हिस्सा तो घ्यायचा. भाताला अर्धेल, वरकसाला तिर्धेल, वर वेठबिगार. खोत ब्राह्मण होते, मराठा होते, मुसलमानही होते. कूळ बहुतेक ठिकाणी कुणबी, म्हणजे ज्यांना कुळवाडी म्हणत ते, आणि महार. आज ‘कोकणी मुसलमान बिचारा’ असं आपण म्हणतो तेव्हा हे सोयीस्करपणे विसरतो. कुलाबा जिल्ह्यात चरीच्या शेतकऱ्यांनी 1933 पासून सहा वर्षं शेतं पडीक ठेवून संप केला तो याच खोतीविरुद्ध. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 1937 च्या सप्टेंबरात मुंबई विधिमंडळात खोती रद्द करण्याचं विधेयक मांडलं तेही यासाठीच. अखेर 1949 च्या कायद्यानं खोती गेली. कूळकायद्यानुसार 1 एप्रिल 1957 पासून कसणारा मालक झाला.

कागदावर ही दोन वाक्यं आहेत. गावात ती उलथापालथ होती. काल ज्याच्या ओटीखाली उभं राहायचं, त्याच्या बरोबरीनं आज कूळ चावडीवर बसू लागलं. ज्याच्या घरी भाताचे हारे यायचे, त्याच्या पोरांना आता बोटीवर नाहीतर मुंबईच्या कारखान्यात जावं लागलं. खोत ब्राह्मण असेल तिथं हा बदल जातीचा झगडा म्हणून दिसला. मुसलमान असेल तिथं तोच झगडा धर्माच्या कपड्यांत आला. एका बाजूला कालच्या मालकाचा दुखावलेला मान, दुसऱ्या बाजूला पिढ्यान्‌पिढ्यांचा राग. या दोघांनाही ‘हिंदू-मुसलमान’ हे नाव वापरायला सोपं गेलं. ‘इंधन’ 1965 ची आहे. हे सगळं तेव्हा ताजं होतं, आणि दलवाईंचं मोठेपण हे, की त्यांनी ते आपल्या माणसांना सूट न देता लिहिलं. कुळवाड्यांनाही नाही, आणि मुख्य म्हणजे निवेदकालाही नाही. सुधारलेल्या विचारांचा हा तरुण गावात काहीही सुधारू शकत नाही. त्याच्या असण्यानं उलट गुंता वाढतो.

शेवटचा मुद्दा मला फार महत्त्वाचा वाटतो. पुढं ज्यांना लोकांनी ‘सुधारक’ म्हणून डोक्यावर घेतलं किंवा दगड मारले, त्या माणसानं आपल्या कादंबरीत सुधारकाला इतकं असहाय रंगवलेलं आहे. त्यांच्या भक्तांनी हे पान बहुधा उलटलेलंच नाही.

आता प्रश्न असा, की हे लेखन आपल्या लोकांपर्यंत का पोचलं नाही. तलाकच्या आंदोलनाचा राग हे एक कारण, ते सगळे सांगतात. दलवाईंच्या इच्छेप्रमाणं त्यांच्यावर कोणताही धार्मिक विधी न करता चंदनवाडीच्या विद्युतदाहिनीत अंत्यसंस्कार झाले, तो अनेकांच्या मनातला शेवटचा खिळा. पण त्याहून साधं, रोजचं एक कारण आहे, आणि त्याबद्दल आपण बोलत नाही. ते म्हणजे भाषा.

कोकणी मुसलमान घरात मराठीचीच एक बोली बोलतो. शेतात, बाजारात, कचेरीत मराठी बोलतो. पण पोराला शाळेत घालायची वेळ आली की उर्दू शाळा. याची कारणं मी हलकी मानत नाही. दीन, आब, बिरादरीत लग्नं जुळणं, पुढं आखातातल्या नोकऱ्या, सगळं त्यात आहे. उर्दूनं कोकणाला चांगले शायर आणि अदीब दिले, हेही खरं. मात्र परिणाम असा झाला, की ज्या माणसांबद्दल दलवाई लिहीत होते त्यांना ते वाचता येत नव्हतं, निदान सहज तरी नाही. आणि ज्यांना वाचता येत होतं त्या मराठी वाचकाला त्या मोहल्ल्यात कधी पाऊल टाकावं लागलं नव्हतं. म्हणजे आरशासमोर उभा वेगळाच माणूस, आणि ज्याचा चेहरा आरशात आहे तो पाठ करून बसलेला. दिलीप चित्र्यांनी ‘इंधन’चा इंग्रजी अनुवाद केला. जगात कुठंही बसून कुणी तो वाचू शकतो. मोहल्ल्यात मात्र ती कादंबरी पोचायची राहिली.

अमर शेखांचं उदाहरण शेजारी ठेवून बघा. बार्शीचे मेहबूब हुसेन पटेल. गिरणीत राबले, गाडीवर क्लीनर झाले, आणि डफावर थाप मारून त्यांनी अण्णा भाऊ साठे आणि गव्हाणकरांबरोबर मैदानं हलवली. ते 1969 च्या ऑगस्टात गेले, अण्णा भाऊंच्या पाठोपाठ महिन्या-दीड महिन्यात. त्यांच्या मुसलमान असण्यावर ना मुसलमानांनी वाद घातला, ना इतरांनी. शाहिराला अक्षरओळख नसलेला माणूसही ऐकतो. जेजुरीच्या सगनभाऊंची लावणी ऐकताना तरी त्यांची जात-धर्म कोण विचारत होतं? गोष्ट मात्र एकट्यानं बसून वाचायची असते. ती घरात न्यावी लागते. मग घरात कोणाचं पुस्तक आलंय, हा प्रश्न उभा राहतो.

आपल्या घरात त्यांचं पुस्तक येण्याचा एक रस्ता मला माहीत आहे, तो मेहरुन्निसा दलवाईंच्या ‘मी भरून पावले आहे’ या आत्मकथनाचा. मी ज्या बायकांना ते वाचायला दिलं त्यांपैकी दोघींनी नंतर आपणहून ‘लाट’ मागून घेतलं. एका बाईनं नवऱ्याबद्दल, त्याच्या तापट डोक्याबद्दल, घरातल्या ओढगस्तीबद्दल आणि त्याच्या आजारपणाबद्दल सरळ सांगितलेलं असलं, की तो माणूस राहतो, वादाचा विषय राहत नाही.

2017 च्या ऑगस्टात सर्वोच्च न्यायालयानं तोंडी तलाक रद्द ठरवला तेव्हा वाहिन्यांनी दलवाईंचा फोटो शोधून काढला. त्याच वर्षी इथं पनवेलला अखिल भारतीय मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरलं. सोलापुरात 1990 ला सुरू झालेली ही परंपरा कोकणाच्या वेशीवर आली, याचा मला आनंद झाला होता. वेशीवर म्हणतो ते अक्षरशः. मुंबई-गोवा रस्ता आमच्या पळस्प्याच्या फाट्यावरून सुटतो, आणि चिपळूण तिथून सुमारे 200 किलोमीटर. शिमग्याला, ईदेला, गणपतीला खाली जाणारी प्रत्येक एसटी या फाट्यावरून गेलेली आहे. दलवाईंचा निवेदक ज्या मुंबईतून ज्या गावी जातो, त्या दोन्हींच्या मधोमध आम्ही आहोत.

आणि आमची स्वतःची गोष्ट? ती तर अजून कुणी लिहिलेलीच नाही. पनवेल एके काळी बैलगाडीच्या चाकांसाठी ओळखलं जायचं. मिठागरं होती, भाताचा मोठा बाजार होता. मग 1970 नंतर सिडकोनं पनवेल-उरणच्या गावांतल्या जमिनी घ्यायला सुरुवात केली. 1984 च्या जानेवारीत शेतकऱ्यांवर गोळीबार झाला, पाच माणसं गेली. त्या जमिनींत आगरी होते, कोळी होते, मुसलमानही होते. ज्या खाचरात आजा गुडघाभर चिखलात उभा राहायचा, तिथं नातू आज टॉवरखाली वॉचमनची खुर्ची टाकून बसतो. हे इंधन तरी काय कमी आहे? इथल्या मुसलमान पोरांना मी म्हणतो, गझल लिहा, जरूर लिहा, पण एकदा ‘लाट’ वाचा आणि मग आपल्या गल्लीकडे बघा. ते हसतात. त्यांना वाटतं, मी त्यांना तलाकवर बोलायला सांगतोय.

गेल्या पावसाळ्यात मी आमच्या नात्यातल्या एका मामूंना ‘इंधन’ची काही पानं वाचून दाखवली. वय ऐंशीच्या पुढं. उमेदीची वर्षं बोटीवर गेलेली. त्यांना उर्दू वाचता येतं, मराठी नुसतं कळतं. लेखकाचं नाव मी आधी सांगितलं नाही, मुद्दामच. चार-पाच पानं झाल्यावर ते म्हणाले, “हा आपल्यातलाच दिसतो. कुठला?” मी गाव सांगितलं, मग नाव सांगितलं. मामूंनी पानाचा डबा उघडला, बराच वेळ सुपारी कातरत राहिले.

मग पुस्तकाचं सोडून ते स्वतःच्या वडिलांबद्दल बोलायला लागले. सत्तावन साली जमीन कुळाच्या नावावर झाली त्या दिवशी वडील जेवले नव्हते. दुसऱ्या दिवशी त्याच कुळाची बायको परसदारी येऊन, नेहमीसारखी, भाजी ठेवून गेली. ती घ्यायची की नाही यावरून घरात भांडण झालं. आजीनं घेतली. पुढं पाच-सहा वर्षं दोन्ही घरांतले बाप्ये एकमेकांशी बोलत नव्हते, बायकांची देवाणघेवाण मात्र चालू होती. त्या कुळाचं नाव, त्याच्या तिन्ही पोरांची नावं, कोणतं खाचर कुणाकडे गेलं, सगळं मामूंना पाठ होतं.

“हे त्यानं लिहिलंय का?” त्यांनी विचारलं.

“हेच नाही,” मी म्हटलं, “पण असलंच.”

“वाच मग पुढं.”